एल्या कोण?

नातेवाइकांत कोणी डॉक्टर असला तर लोक त्याला फुकट औषध विचारतात, वकील असला तर फुकट सल्ला विचारतात, आणि बँकेतला कारकून असला तर उरलेले सगळे विचारतात. ज्या कागदावर इंग्रजी अक्षर आहे तो कागद बँकेचाच, अशी आमच्या कुटुंबाची ठाम समजूत आहे. विम्याची नोटीस, विजेचे बिल, खोकल्याच्या औषधाच्या खोक्यातले मुंगीच्या पावलांएवढ्या टायपातले पत्रक, इतकेच काय, एकदा मावशीच्या नव्या मिक्सरचे गॅरंटी-कार्ड, हे सर्व माझ्या टेबलावर येऊन गेलेले आहे. मी नुसता बी.कॉम. आहे आणि तोही सेकंड क्लासात, हे मी परोपरीने सांगून पाहिले. "असू दे रे, तरी पण बघ," हे त्यावरचे ठरलेले उत्तर.

त्यामुळे गेल्या मे महिन्यात रत्नागिरीच्या काकूने माझ्या हातात एक जुनी कॅसेट ठेवली आणि "ह्यावर काय लिहिलंय ते बघ" म्हणाली, तेव्हा मला काही विशेष वाटले नाही.

काका जाऊन तेव्हा दीड वर्ष झाले होते. काका बोटीवर होते. बोटीवर होते म्हटले की लोकांच्या डोळ्यांसमोर पांढरी टोपी आणि दुर्बीण येते. काका इंजिनखात्यात फिटर होते. त्यांच्या वाट्याला आला तो समुद्र बहुतेक भिंतीपलीकडूनच. नऊ-दहा महिने बोटीवर आणि दोन-तीन महिने घरी, असा त्यांचा संसार. घरी आले की ओटीवरच्या झोपाळ्यावर समुद्राकडे पाठ करून बसत. "इतके पैसे देऊन लोक समुद्र बघायला येतात आणि तुम्ही तोंड फिरवून बसता?" असे कोणी विचारले, तर म्हणत, "तुम्ही रविवारी बँक बघायला जाता का?" माझा व्यवसाय मी पुढे निवडला, पण त्याबद्दलचे वास्तव मला असे लहानपणीच कळले होते.

तर यंदा पावसाळ्यापूर्वी घराची कौले परतायची होती म्हणून माळा रिकामा केला आणि काकांची पत्र्याची ट्रंक खाली आली. तिच्यात डांबराच्या गोळ्या, दोन लोकरीचे मोजे, एक पाना आणि सहा कॅसेटी. पाच कॅसेटी काकूने ट्रंकेतच राहू दिल्या. सहावी तेवढी काढून माझ्यापुढे ठेवली. वेष्टनावर एका बाईचा फोटो. काजळ भरलेले डोळे, कानात मोठे झुमके. आणि आतल्या कागदावर निळ्या बॉलपेनने, काकांच्या अक्षरात, चक्क मराठीत: "एल्या. जकार्ता, 1981."

"ही बाई कोण ते बघ," काकू नारळ खवता खवता म्हणाली. "मला सांगायचं की नाही ते मग तू ठरव. पण बघ."

खवणीचा आवाज थांबला नाही. पण मी गप्प बसलो तेव्हा मात्र थांबला.

"तू ही कॅसेट आधी पाहिली होतीस?" मी विचारले.

"1981 च्या गणपतीत."

"मग त्यांना विचारलं का नाहीस?"

"काय विचारायचं?" काकू म्हणाली. "आणि खरं सांगितलं असतं तर?"

आता आली का पंचाईत! मी बँकेत वीस वर्षे काढली. दहा-दहा वर्षे ज्यांना कोणी हात लावला नाही अशी खाती पाहिली आहेत. पण चाळीस वर्षांहून अधिक काळ व्याजासकट वाढत राहिलेले असे खाते माझ्या पाहण्यात पहिलेच. मी सहाही कॅसेटी पिशवीत घातल्या आणि पुण्याला परत आलो. एस.टी.त ती पिशवी मांडीवर घेऊन बसलो होतो. शेजारच्याने विचारले, "आंबे का?" मी "हो" म्हटले.

पहिली अडचण कॅसेट वाजवण्याची. आमचा टू-इन-वन बाहेर काढला तर त्याचा रबरी पट्टा वितळून डांबर झाला होता. दुरुस्तीच्या दुकानातला मुलगा त्या यंत्राकडे, आपण पाटा-वरवंट्याकडे पाहतो तशा आदराने पाहत राहिला. "काका, हे म्युझियमला द्या," म्हणाला. मला काका म्हणाल्याचे मला जास्त लागले. शेवटी आमच्या हेडकॅशियरांनी घरून आपला टेपरेकॉर्डर आणून दिला. "आंघोळ झाल्याशिवाय हात लावायचा नाही," एवढीच त्यांची अट होती. पेन्सिलीने फीत आवळली, बटण दाबले, आणि खर्रर्र आवाजातून जे बाहेर आले ते ऐकून आमची सौ. स्वयंपाकघरातून पीठभरल्या हातांनी बाहेर आली.

"अहो, हे तर आपलं हिंदी गाणं!"

"शब्द ऐक," मी म्हटले.

शब्द हिंदी नव्हते. मराठी नव्हते. इंग्रजी तर नव्हतेच. पण ठेका आपला, बासरीची वळणे आपली, आणि गाणाऱ्या बाईच्या आवाजातली ती बारीक मुरकी तर थेट मुंबईच्या स्टुडिओतून निघाल्यासारखी.

त्या रात्रीपासून मी वाचायला बसलो. जेवणे झाली की मी आणि इंडोनेशिया. घरच्यांना आधी वाटले की प्रमोशनची परीक्षा देतो आहे. त्यांनी आठवडाभर मला दूधही दिले.

एल्या कोण, याचे उत्तर पहिल्याच रात्री मिळाले. एल्या खादम ही गायिका. जन्म 1928, जकार्त्याचा; 2009 साली वारली. 1950 च्या दशकात तिकडे 'ऑर्केस मलायू' नावाचे वाद्यवृंद असत, आणि त्याच सुमारास हिंदी चित्रपट त्या देशात धो धो पाऊस पडावा तसे पडत होते. एल्याने त्या चित्रपटांतल्या गाण्यांची धाटणी उचलली, भारतीय पद्धतीचा पोशाख केला, हातवारेही तसेच केले, आणि लोकांनी तिला डोक्यावर घेतले. तिचे सर्वांत गाजलेले गाणे हुसेन बावाफी यांनी रचलेले. त्याचे नाव 'बोनेका दारी इंडिया'. म्हणजे भारतातून आलेली बाहुली.

इथे मी पुस्तक मिटायला हरकत नव्हती. बाई गायिका होती, काकांपेक्षा वीस वर्षांनी मोठी होती, बंदरावर कॅसेट विकत मिळत होती; केस फाईल करावी. पण कारकुनाचा स्वभाव वाईट. एक व्हाउचर तपासले की त्याला जोडलेले पाच तपासल्याशिवाय झोप येत नाही. आणि काकूपुढे पुरावा ठेवायचा तर पुरता ठेवावा. शिवाय पिशवीत अजून पाच कॅसेटी होत्या. मी त्या एकेक काढत गेलो आणि त्या देशाची जमाखर्चाची वहीच उघडली.

दुसऱ्या कॅसेटवर 'क्रोनचोंग' होते. हे नाव एका छोट्या गिटारीसारख्या वाद्याचे. तारा छेडल्या की 'क्रोंग-चोंग' वाजते म्हणून ते तसे. सोळाव्या शतकात पोर्तुगीज गेले आणि आपली गिटार तिकडे विसरून आले. जकार्त्याच्या उत्तरेला तुगू म्हणून गाव आहे. सतराव्या शतकात डचांनी तिथे पोर्तुगीज बोलणाऱ्या, गुलामीतून सुटलेल्या लोकांना वसवले. त्यांतले कितीतरी मूळचे भारताच्या किनाऱ्यांवरून आणि मलाक्क्याहून नेलेले. त्यांच्या ओसरीवर हे संगीत टिकले. त्यातले सर्वांत नावाजलेले गाणे 'बंगावान सोलो', सोलो नदीवरचे, गेसांग नावाच्या माणसाने 1940 साली रचलेले. पुढे दुसऱ्या महायुद्धात जपानी सैन्य आले, देश जिंकला, हरले, आणि जाताना हे गाणे घेऊन गेले. गंमत म्हणजे 1991 साली जपानच्याच माजी सैनिकांनी पुढाकार घेऊन गेसांगचा पुतळा सोलोच्या बागेत बसवला, तोही गेसांग हयात असताना. आमच्याकडे निवृत्तीला भिंतीवरचे घड्याळ देतात. जेव्हा वेळेचा काही उपयोग उरत नाही, नेमके तेव्हा.

तिसरी कॅसेट 'कुस प्लस' या भावांच्या वाद्यवृंदाची. ही मंडळी आधी 'कुस बर्सौदारा', म्हणजे कुस बंधू, म्हणून गात आणि बीटल्सच्या वळणाने गिटारी वाजवत. राष्ट्राध्यक्ष सुकार्नोंना पाश्चात्त्य गाण्यांचा भारी तिटकारा. ते या प्रकाराला 'ङाक-ङिक-ङोक' म्हणत. ज्या 'ङ'ला आमच्या वर्णमालेत नुसते खुर्ची अडवून बसलेल्या जुन्या हेडक्लार्कसारखे वागवतात, त्याला कुणीतरी तीन-तीनदा काम दिलेले पाहून मला बरे वाटले. पण गोष्ट हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. जून 1965 च्या अखेरीस या भावांना एका घरगुती समारंभात बीटल्सचे गाणे वाजवले म्हणून पकडले आणि जकार्त्याच्या ग्लोडोक तुरुंगात टाकले. तीन महिन्यांनी, 29 सप्टेंबरला, सोडले. दुसऱ्याच रात्री सेनापतींच्या हत्येचे ते भयंकर प्रकरण घडले. त्यानंतरच्या महिन्यांत त्या देशात लाखोंची कत्तल झाली, आणि हळूहळू सुकार्नो जाऊन सुहार्तो आले. बाहेर आलेल्या भावांनी तुरुंगावरच गाणी केली, आणि 1970 च्या दशकात 'कुस प्लस' या नावाने घराघरांत पोहोचले. मी कॉलेजात असताना गॅदरिंगमध्ये माउथऑर्गन वाजवला तेव्हा प्राचार्यांनी नुसती एक नजर टाकली होती. तेवढ्यावर माझी संगीतसेवा संपली. हे लोक तुरुंगातून गाणी घेऊन आले.

चौथी कॅसेट बेन्यामिन नावाच्या विनोदवीराची. एके काळचा बस-कंडक्टर. जकार्त्याच्या अस्सल गावठी बोलीत गाणी म्हणायचा, नवरा-बायकोच्या भांडणाची. पुढे सिनेमात शिरला आणि 'इंतान बर्दुरी' या चित्रपटासाठी 1973 साली देशातले सर्वोच्च अभिनयाचे पारितोषिक मिळवून मोकळा झाला. ही हकीकत मी शाखेत मुद्दाम मोठ्याने सांगितली. नोकरदार माणसाच्या अंगात कला असू शकते हा मुद्दा मला ठसवायचा होता. मॅनेजर म्हणाले, "पण त्याने आधी कंडक्टरकी सोडली असेल ना?"

सिनेमाचा विषय निघालाच आहे तर सांगतो. तिकडे सिनेमागृहाला अजून 'बिओस्कोप' म्हणतात. म्हणजे आपल्या आजोबांचा बायस्कोप! आपल्याकडून गेलेला हा शब्द नव्हे, डचांनी दिलेला. पण ऐकून ओळखीचा माणूस परक्या स्टेशनावर भेटावा तसे वाटले. त्या भूमीवरचा पहिला कथापट 1926 सालचा, बांडुंगचा. डच लोकांनी काढला, गोष्ट मात्र स्थानिक: शापाने काळा वानर झालेला राजपुत्र. पण इंडोनेशियन लोक आपला सिनेमा मोजतात तो 30 मार्च 1950 पासून. त्या दिवशी उस्मार इस्माईल यांनी 'दाराह दान दोआ' (रक्त आणि दुआ) या चित्रपटाचे पहिले चित्रण केले. स्वातंत्र्ययुद्धात एका पलटणीने केलेल्या लांब पायपिटीची ती गोष्ट. तो दिवस आज तिथे राष्ट्रीय चित्रपटदिन असतो.

आणि इथे आमचे, म्हणजे तुमचे-आमचे, नाव खलनायकाच्या रकान्यात येते. 1950 च्या दशकात हिंदी चित्रपटांचा तिकडे असा काही सुळसुळाट झाला की देशी निर्माते हवालदिल झाले. 1957 साली त्यांच्या संघटनेने निषेध म्हणून स्टुडिओच बंद केले. ज्या गाण्यांवर आम्ही लहानाचे मोठे झालो, ती परदेशी लोकांच्या पोटावर पाय देत फिरत होती हे मला काय ठाऊक! उस्मार इस्माईल यांचीही चित्रसंस्था कर्जात बुडत होती. शेवटी गंभीर चित्रपट बाजूला ठेवून त्यांनी 'तिगा दारा' नावाचा गाण्यांचा, हसताखेळता चित्रपट काढला. तीन बहिणी, आणि थोरलीचे लग्न कसे जमते या काळजीने घर डोक्यावर घेणारी आजी. चित्रपट तुफान चालला. उस्मार इस्माईल यांना म्हणे त्याचे फारसे भूषण वाटत नसे. 2016 साली त्याची जुनी रिळे साफसूफ करून तो पुन्हा थिएटरांत लागला. थोरलीचे लग्न जमवणारी आजी हे पात्र कुठल्याच देशात जुने होत नाही.

आता पाचवी कॅसेट. हिच्या वेष्टनावर एक दाढीवाला गृहस्थ हातात इलेक्ट्रिक गिटार घेऊन उभा. हे रोमा इरामा. जन्म 1946, पश्चिम जावातल्या तासिकमलायाचा. नाव मूळचे ओमा. हजला जाऊन आल्यावर 'राडेन हाजी ओमा'ची आद्याक्षरे जोडून झाले रोमा. या माणसाने एल्याच्या पठडीतले ऑर्केस मलायू उचलले, त्याला रॉकची गिटार जोडली, ड्रम जोडले, वर धर्मोपदेशाची फोडणी दिली आणि 'सोनेता' नावाचा वाद्यवृंद उभा केला. बासरी आणि तबल्यासारखा ठेका तेवढा जागेवर ठेवला. त्या ठेक्यात एक 'डांग' असा आणि एक 'डुट' असा आवाज निघतो. शहाण्या, इंग्रजी गाणी ऐकणाऱ्या शहरी लोकांनी नाक मुरडून या प्रकाराला 'डांगडुट' म्हणायला सुरुवात केली. उद्या कोणी आपल्या लावणीला 'ढुमढुम' म्हणावे, तसे. रोमाने ती शिवी उचलून थेट गाण्यातच घातली. झाले! शिवीची संस्था झाली.

त्याचे 'बगाडांग' नावाचे गाणे गावोगाव गेले. बगाडांग म्हणजे रात्रभराचे जागरण. उगाच कामाशिवाय जागू नका, असा त्यात उपदेश. रात्रभर जागून लोक हे गाणे ऐकत. मग सिनेमे आले, त्यांत रोमा नायक. एकात तर पाठीला गिटार लावलेला वीरपुरुष. शेतमजूर, रिक्षावाले, गिरणीतल्या बाया, सगळे त्याचे. 1977 च्या निवडणुकीत तो सरकारविरोधी मुस्लिम पक्षाच्या व्यासपीठावर गेला आणि सरकारी टेलिव्हिजनने त्याला पुढे कित्येक वर्षे दारात उभे केले नाही. पण कॅसेट टेलिव्हिजनला विचारून वाजत नाही. चहाच्या टपरीवर, बसमध्ये, बंदरावर ती वाजतच राहिली. तिथेच कुठेतरी आमच्या काकांच्या कानावर पडली असणार.

त्या सरकारांची मला खरोखर कीव येते. एकाला बीटल्सची भीती. दुसऱ्याला रोमाची. 1988 साली तर माहितीमंत्र्यांनी रडक्या गाण्यांविरुद्ध आघाडी उघडली. बेथारिया सोनाथा या गायिकेचे एका दुखावलेल्या बायकोचे गाणे इतके लोकप्रिय झाले की मंत्र्यांना वाटले, असे रडत बसले तर देशाचा विकास कसा व्हायचा? सरकारी टेलिव्हिजनवर रडकी गाणी बंद! आमच्या बँकेतही रडण्याला मनाई आहे, पण ती निदान तोंडी आहे. 2003 साली इनुल दारातिस्ता नावाची पूर्व जावातली पोर ड्रिल-मशीनसारखी कंबर फिरवून नाचली, तर धर्मगुरूंपासून खुद्द रोमापर्यंत सगळे खवळले. ज्याला एकेकाळी दारात उभे केले नाही, तो आता स्वतःच दारात उभा राहून दुसऱ्याला अडवत होता. आमच्याकडे याला 'सीनियॉरिटी' म्हणतात.

दरम्यान 1990 च्या दशकात खासगी टेलिव्हिजन आले, मालिका आल्या आणि इंडोनेशियन सिनेमा जवळजवळ झोपला. त्या मालिकांचा मोठा सम्राट सुराबायात जन्मलेला सिंधी, राम पंजाबी. म्हणजे तिथेही आपण होतोच. 1998 मध्ये सुहार्तो गेले. नवी तरुण मंडळी कॅमेरे घेऊन बाहेर पडली. 2002 साली एक चित्रपट आला: 'आदा आपा दंगान चिंता?' शाळकरी पोरांची प्रेमकथा, कवितांच्या साक्षीने. मी नाव वाचून म्हटले, हा आपल्या वयाचा चित्रपट दिसतो, चिंता आहे. मग कळले की तिकडे प्रेमालाच 'चिंता' म्हणतात! आपल्या संस्कृतातून गेलेला शब्द. नायिकेचे नावही चिंता. नवऱ्याला 'सुआमी', म्हणजे स्वामी, आणि बायकोला 'इस्त्री', म्हणजे स्त्री. आणि या दोघांमध्ये चिंता. ज्यांनी ही भाषा घडवली त्यांनी संसार पाहिलेला होता. पुढे तर भुताखेतांच्या आणि इतर चित्रपटांची अशी लाट आली की 2022 साली 'के.के.एन. दी देसा पनारी' या भुताच्या चित्रपटाची तिकिटे एक कोटीच्या घरात खपली.

सहावी कॅसेट बुरशीने खाल्ली होती. ती काय होती हे कळले नाही. प्रत्येक ताळेबंदात काही रक्कम जुळत नाही. ती 'सस्पेन्स' खात्यात टाकून पुढे जायचे असते.

गणपतीत मी रत्नागिरीला गेलो. टेपरेकॉर्डर हेडकॅशियरांचाच, नेतानाही आंघोळ करूनच उचलला. आरती झाली, जेवणे झाली, बाकीचे पत्त्यांना बसले. काकू मागीलदारी सुपारी कातरत होती.

"बघितलं," मी म्हटले.

"हं."

मी सगळे सांगितले. वहीत मुद्दे काढून नेले होते, इन्स्पेक्शनला नेतात तसे. एल्या 1928 ची, हे पहिल्यांदा. काकूचा आडकित्ता थांबला.

"म्हणजे माझ्या सासूपेक्षा थोडीच लहान!"

"गाणारी होती काकू. मोठी. तिकडची लता म्हण हवं तर. आपल्या मुंबईच्या सिनेमातली गाणी ऐकून तशी गायची, कपडेपण आपल्यासारखे करायची. आणि त्या मुंबईच्या गाण्यांना वाद्यं कोणी बसवलेली? सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस, अशी आपल्या गोव्याची माणसं. आपलंच गाणं तिकडे गेलं आणि..."

"लाव," काकू म्हणाली.

मी लावले. खर्रर्र झाले आणि ती मुरकी आली. पलीकडे पत्त्यांत कोणी तरी हुकूम मागत होते. काकू अंगठ्याने आडकित्त्याची धार चाचपीत ऐकत होती.

"ह्याचा अर्थ काय?"

"भारतातून आलेली बाहुली."

काकू बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "एवढे कोस लांब जाऊन हे बसून इकडचंच ऐकायचे?"

"तसंच दिसतं."

खरे तर इथे माझे काम संपले होते. पण मला फाजील हुशारी सुचली. मी म्हटले, "काकांनी तुला कधी ऐकवली नाही, याचंच नवल वाटतं."

"ऐकवली होती रे," काकू म्हणाली. "आले त्याच दिवशी. बूटसुद्धा काढले नव्हते. मशीन चालू केलं नि म्हणाले, ऐक, ओळख बघू कुठलं. मी त्या फोटोकडे बघितलं आणि म्हटलं, बंद करा ते."

"मग?"

"मग काय. बंद केलं. परत कधी लावलं नाही."

बाजू संपली आणि बटण खट्‌कन वर आले. मी टेपरेकॉर्डरकडे बघत राहिलो. हेडकॅशियरांचे असल्यामुळे ते यंत्र तसेही बघण्यासारखे होते. काकूने सुपारीचे खांड माझ्या हातावर ठेवले, पदराने तोंड पुसले आणि म्हणाली,

"दुसऱ्या बाजूला पण आहे ना काहीतरी? मग उलटी कर की. बँकेत हेच शिकवलं का तुला?"

मी कॅसेट उलटी केली. रात्री झोपताना सौ.ने माझ्या पिशवीत डोकावून विचारले, "ही दाढीवाल्याची कॅसेट कोणाची हो?" मी उठून बसलो आणि रोमा इरामा, जन्म 1946, तासिकमलाया, इथपासून सुरुवात केली. 1977 च्या निवडणुकीपर्यंत आलो तेव्हा ती गाढ झोपली होती. तरी मी पुरे सांगितले. आपल्याकडून काही लपवाछपवी राहायला नको.